टारझनचा लंगोट आणि सेन्सॉरची कात्री

1985 साली दोन गोष्टी घडल्या. खाडीच्या अलीकडच्या ग्रामपंचायती एकत्र करून मीरा-भाईंदर नगरपरिषद स्थापन झाली आणि बब्बर सुभाष यांचा ‘अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ टारझन’ पडद्यावर झळकला. दोन्हींचा एकमेकींशी काडीचा संबंध नाही. तेव्हाच्या भाईंदरकराला मात्र या चित्रपटात एक गंमत नक्की दिसली असती. सिनेमातलं जंगल बघायला तो गाडी पकडून बोरिवलीच्या जया किंवा अजंठा टॉकीजकडे निघायचा आणि खरं जंगल त्याच्या पाठीमागे, काशिमीरा-घोडबंदरच्या डोंगरावर, बिबट्यांसकट तसंच राहायचं. त्या जंगलात रूबी नव्हती, एवढाच फरक.

रूबी म्हणजे किमी काटकर. टारझन म्हणजे हेमंत बिर्जे, पडद्यावर अगदी नवखा. संगीत बप्पी लाहिरींचं. तीनच वर्षांपूर्वी ‘डिस्को डान्सर’ देऊन बसलेल्या दिग्दर्शकाला प्रेक्षकाची नस माहीत होती. कथा म्हणाल तर साधीच. शहरातली मुलगी वडिलांबरोबर जंगलात येते, वेलींवरून झुलणारा रानटी पुरुष तिला वाचवतो, त्याला पकडून सर्कशीत विकायचा डाव रचला जातो. पण लोक कथेसाठी गेले नव्हते. लोक गेले ते धबधब्यासाठी, ओल्या कपड्यांसाठी, आणि सेन्सॉरने एवढं कसं सोडलं या कुतूहलासाठी. पोरांना ‘टारझन बघायला जातो’ असं घरी उजळ माथ्याने सांगता येत होतं, ही या चित्रपटाची खरी कमाई.

साहसकथेच्या आडून देह दाखवायचा, हा धंदा मुंबईचा शोध नव्हे. तो टारझनइतकाच जुना आहे.

एडगर राइस बरोज यांनी टारझन लिहिला 1912 मध्ये, ‘ऑल-स्टोरी’ नावाच्या स्वस्त मासिकासाठी. 1918 मध्ये एल्मो लिंकनने तो पडद्यावर आणला. 1932 मध्ये ऑलिंपिक जलतरणपटू जॉनी वाइसमुलर एमजीएमचा टारझन झाला, जेन झाली मॉरीन ओसलिव्हन. त्यांचा दुसरा चित्रपट, 1934 चा ‘टारझन अँड हिज मेट’. त्यात टारझन जेनला नदीत ढकलतो, तिचा झगा त्याच्या हातात राहतो आणि पुढची काही मिनिटं दोघं पाण्याखाली पोहतात, ती विवस्त्र. पोहणारी ओसलिव्हन नव्हती. तिच्या जागी जोसेफिन मॅककिम ही ऑलिंपिक जलतरणपटू होती. हॉलिवूडच्या सेन्सॉरला नेमके त्याच वर्षी दात फुटले होते. दृश्य कापलं गेलं आणि पन्नासेक वर्षं कापलेलंच राहिलं. ते नंतर मूळ प्रतीत परत जोडलं गेलं. आज ते पाहताना त्यात आचरट असं काही सापडत नाही. दोन माणसं पोहतात, बस. पण त्या कापण्याने एक गोष्ट सगळ्या निर्मात्यांच्या कायमची लक्षात राहिली: जंगल म्हटलं की कपडे कमी असण्याला सबब लागत नाही.

मुंबईत ही गोष्ट सगळ्यात आधी ओळखली ती वाडिया बंधूंनी. जमशेद वाडिया शिकलेला, वाचणारा माणूस, पण जीव जडलेला डग्लस फेअरबँक्सच्या उड्यांवर. धाकटा होमी कॅमेऱ्यामागे. 1933 मध्ये परळच्या लवजी कॅसलमध्ये त्यांनी वाडिया मूव्हीटोन सुरू केलं. पुढे त्याच जागेवर व्ही. शांताराम यांचं राजकमल उभं राहिलं, म्हणून मराठी वाचकाला तो पत्ता वेगळ्याच कारणासाठी पाठ असतो. 1935 मध्ये ‘हंटरवाली’ आला. पर्थमध्ये जन्मलेली, मुंबईत दुकानात विक्रेती म्हणून काम केलेली, बॅले आणि सर्कस शिकलेली मेरी एव्हान्स नादिया होऊन चाबूक घेऊन घोड्यावर बसली. आखूड चड्डी, उंच बूट, तोंडावर मुखवटा. वितरक हा चित्रपट उचलायला तयार नव्हते. ग्रँट रोडच्या सुपर सिनेमात लागला आणि आठवड्यांमागून आठवडे हटेना.

दोन वर्षांनी होमी वाडियांनी ‘तूफानी टारझन’ काढला. टारझन होता जॉन कावस, पिळदार अंगाचा पारशी व्यायामपटू. लीला होती गुलशन. कथा बरोजची नव्हतीच. जंगलात प्रयोगशाळा थाटलेल्या शास्त्रज्ञाचा मुलगा सिंहांच्या हल्ल्यातून वाचतो आणि कुत्र्याच्या व ‘दादा’ नावाच्या अर्धवानराच्या सोबतीने वाढतो. हा दादा बोमन श्रॉफने रंगवला होता. आफ्रिका नाही, इंग्रज लॉर्ड नाही. सगळं कुटुंब इथलंच. लीला नटूनथटून जंगलात येते, किंचाळते, चिडते आणि मग हळूहळू त्या रानटी अंगाकडे रोखून बघू लागते. पडद्यावर पुरुषाचा देह स्त्रीच्या नजरेने एवढा वेळ दाखवणं 1937 सालच्या मुंबईत धाडसाचं होतं, आणि साहसपट म्हणून ते सहज खपून गेलं. पौराणिक किंवा सामाजिक चित्रपटात हीच नजर कुणी दाखवली असती तर वर्तमानपत्रांचे रकाने भरले असते.

हे ‘विडंबन’ होतं का? वाडियांना तसं म्हणायचं नव्हतं. पण साहेबाच्या जंगलराजाला पारशी पहिलवान करून गिरगाव-परळच्या पिटातल्या लोकांपुढे नाचवणं हे विडंबनाच्या फार दूर नाही. पुढे होमी वाडियांच्या बसंत पिक्चर्सने 1958 मध्ये ‘झिंबो’ आणला. नाव बदललं, लंगोट तोच. साठच्या दशकात तर टारझनचं पेवच फुटलं. ‘रॉकेट टारझन’, दारासिंगचा ‘टारझन कम्स टू डेल्ही’, 1970 चा ‘टारझन 303’. बरोजची कंपनी कॅलिफोर्नियात, हिंदी चित्रपटांचे वितरक लॅमिंग्टन रोडच्या नाझ बिल्डिंगमध्ये. दोघांत पत्रव्यवहार फारसा झाला नसावा.

युरोपात याच काळात हा धंदा भलत्याच वळणावर गेला, आणि त्याचं कारण कायदा. डेन्मार्कने 1969 मध्ये प्रौढांसाठीच्या अश्लील चित्रांवरची बंदी उठवली. शेजारच्या देशांत दारं किलकिली होऊ लागली. आता निर्मात्यांपुढे प्रश्न पडला की नुसते देह किती वेळ दाखवणार? लोकांना ओळखीची गोष्ट हवी होती. मग ज्या गोष्टी शाळेच्या वाचनालयात सगळ्यांनी वाचल्या होत्या, त्याच हाताशी घेतल्या गेल्या. झुरिकच्या एर्विन डीट्रिखने 1971 मध्ये ड्युमाच्या तीन शिलेदारांना शयनगृहात पाठवलं. जर्मनांनी आपल्या निबेलुंगांच्या महाकाव्याचीही गय केली नाही. स्पेनच्या हेसूस फ्रँकोने रॉबिन्सन क्रूसोच्या बेटावर फ्रायडे या सोबत्याऐवजी तरुणींचा तांडा उतरवला. यातले बहुतेक चित्रपट सुमारच. ‘साहस’ म्हणजे पडद्यावरची तलवारबाजी आणि ‘प्रौढ’ म्हणजे मधेमधे थांबून केलेली झटापट. दोन्हींचा मेळ कुठेच बसत नाही, विनोद तर अगदीच घसरट.

एक मात्र खरोखर विडंबन होतं, आणि त्याची गोष्ट सविस्तर सांगण्यासारखी आहे.

ब्रसेल्सच्या व्यंगचित्रकारांत पिचा नावाचा एक वात्रट गृहस्थ होता. त्याने बोरिस शुलझिंगर यांच्यासोबत 1975 मध्ये एक कार्टूनपट केला. नाव ‘टारझून, जंगलाची लाज’. यातला नायक छातीवर हात बडवतो पण शयनगृहात पार निकामी, जेन त्याच्यावर वैतागलेली, आणि जंगलात फिरणारी सैन्यंही विचित्र अवयवांची. पंचतंत्राच्या वळणाचं जंगल, पण दारूच्या गुत्त्यात बसून सांगितलेलं. बरोजच्या वारसांनी खटला भरला. टारझन हे त्यांचं दुभतं जनावर होतं. त्याचा असा तमाशा झालेला त्यांना कसा चालणार? फ्रेंच न्यायालयात ते हरले. फ्रेंच कायद्यात विडंबनाला मूळ लेखकाच्या हक्कातून सूट आहे, आणि टारझून हे विडंबनच आहे हे न्यायालयाने मान्य केलं. अमेरिकेत मात्र नाव बदलावं लागलं. तिथे 1979 मध्ये ‘जंगलाची लाज’ एवढ्याच नावाने, ‘एक्स’ शिक्का घेऊन चित्रपट लागला. इंग्रजी प्रतीत नायकाचा आवाज कोणाचा असावा? जॉनी वाइसमुलर यांच्या मुलाचा, धाकट्या जॉनीचा. बापाने कमावलेल्या आरोळीची टर उडवायला खुद्द पोरगा माइकपुढे उभा. खरं सांगायचं तर या अख्ख्या परंपरेतली ही एकच गोष्ट मला मनापासून हसवते.

1975 च्याच अखेरीस फ्रान्सने ‘एक्स’ चित्रपटांसाठी वेगळी चूल मांडली. बंदी नाही, पण वेगळी थिएटरं आणि जबर कर. त्यामुळे खर्चिक विडंबनं काढणं परवडेना आणि धंदा पुढे व्हिडिओ कॅसेटकडे वळला. कॅसेटवर पोशाखी चित्रपट पुन्हा फायद्यात आले. नव्वदच्या दशकात इटलीच्या जो डामातोने, ज्याचं खरं नाव अरिस्तिदे मसाचेझी, मार्को पोलोसारख्यांनाही या रांगेत उभं केलं. मुळात तो उत्तम छायाचित्रकार. प्रकाशाची जाण होती. साम्यवादी राजवटी कोसळल्यावर बुडापेस्टमध्ये स्वस्त स्टुडिओ आणि कलाकार मिळू लागले, ते या मंडळींच्या पथ्यावर पडलं. 1995 चा त्याचा ‘टारझन एक्स’ मात्र केनियात चित्रित झाला. नायक-नायिका रोको सिफ्रेदी आणि रोझा काराचोलो पुढे खरोखरच नवरा-बायको झाले. बरोजच्या दुसऱ्या टारझन-कादंबरीतही जेन आणि टारझन शेवटी लग्नच करतात. तेवढी निष्ठा डामातोच्या चित्रपटाने अजाणता पाळली म्हणायची.

आता परत मुंबईकडे. इथे कायदा किलकिला झालाच नाही.

झाला असता, अशी दोनदा चिन्हं दिसली. खोसला समितीने 1969 च्या अहवालात म्हटलं की कथेची गरज असेल तर चुंबन आणि नग्नताही पडद्यावर असायला हरकत नाही. सरकारने अहवाल कपाटात ठेवला. त्याच सुमारास ख्वाजा अहमद अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. त्यांच्या ‘अ टेल ऑफ फोर सिटीज’ या लघुपटात मुंबईच्या वेश्यावस्तीची काही क्षणांची दृश्यं होती आणि सेन्सॉरला ती सगळ्यांनी पाहणं मंजूर नव्हतं. 1970 मध्ये न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी निकाल दिला: प्रदर्शनापूर्वीचं सेन्सॉर घटनेत बसतं. मात्र लैंगिकता म्हणजे अश्लीलता नव्हे आणि कलेला मोकळीक हवी, असंही त्यांनी बजावलं. पहिलं वाक्य मंडळाने पाठ केलं, दुसरं विसरून टाकलं. पुस्तकांची तऱ्हा निराळी नव्हती. मुंबईच्या एका दुकानदाराला ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल शिक्षा झाली होती आणि 1964 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली होती.

मग इथला माल वेगळ्या वाटेने तयार झाला. सेन्सॉरसाठी एक चित्रपट, थिएटरसाठी दुसरा. जुन्या टॉकीजमध्ये चित्रपट सुरू होण्याआधी पडद्यावर प्रमाणपत्राचा कागद यायचा. चित्रपटाचं नाव, रिळं किती, लांबी किती मीटर, खाली सही. कोपऱ्यात ठळक ‘ए’. काटछाट झालेली असेल तर त्यावर एक छोटा त्रिकोण. ‘ए’ दिसला की पिटातून शिट्टी यायची. त्रिकोण दिसला की जाणकार हळहळायचे. कागदाच्या मागच्या बाजूला काय काय कापलं याची यादी असे. वितरकाच्या दृष्टीने ती यादी म्हणजे पुढच्या कामाचा तपशील. कापलेलं, किंवा कुठल्या तरी वेगळ्याच परदेशी चित्रपटातलं एखादं तुटक रीळ, छोट्या गावच्या थिएटरात मध्येच जोडलं जाई. त्याला ‘बिट’ म्हणत. पोलीस येणार अशी कुणकुण लागली की बिट प्रोजेक्टरवाल्याच्या खिशात आणि चित्रपट पुन्हा शुद्ध. असे बिट कोणी कुठे घालायचे, यासाठी डोअरकीपर आणि ऑपरेटर यांच्यातला विश्वास लागे. तो कोणत्याही करारापेक्षा पक्का असायचा.

‘अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ टारझन’ चालल्यावर मागोमाग ‘जंगल लव्ह’सारखे चित्रपट आले, आणि त्याहून खालच्या पायरीवर चार-पाच दिवसांत उरकणारे सी-ग्रेड चित्रपट. जंगल, डाकू, भूत, नागीण; पार्श्वभूमी कुठलीही, मागणी एकच. उत्तरेकडच्या टेरिटऱ्या, म्हणजे वितरणाचे विभाग, आधीच विकलेल्या असत, म्हणून नायिकेच्या मानधनापेक्षा पोस्टरवर जास्त विचार होई. युरोपात जे उघड्या दारातून गेलं, ते इथे मागच्या दाराने गेलं. त्यात नुकसान झालं ते काम करणाऱ्यांचं. डीट्रिख आणि डामातोच्या चित्रपटांची जंत्री आहे, त्यांच्या प्रतींचं जतन होतं, त्यांच्यावर पुस्तकं निघतात. आपल्याकडच्या मारामारीवाल्यांची, मेकअपवाल्यांची, ज्युनियर आर्टिस्टची नावं श्रेयनामावलीतही धड नाहीत. दिग्दर्शक अशीम अहलुवालियाला या दुनियेवर माहितीपट करायचा होता. कॅमेऱ्यापुढे बोलायला माणसं तयार होईनात, म्हणून त्याने ‘मिस लव्हली’ हा काल्पनिक चित्रपट केला. 2012 मध्ये तो कान महोत्सवाला गेला. 2023 च्या ‘सिनेमा मरते दम तक’ या मालिकेने चार जुन्या दिग्दर्शकांना पुन्हा कॅमेरा दिला, तेव्हा कुठे त्यांचे चेहरे लोकांना दिसले.

इथे मराठी माणूस मधेच विचारील की मग आपलं काय? आपल्याला याची गरजच पडली नाही, असं माझं मत आहे. साहसकथेची, देवाच्या कथेची, राजाच्या कथेची टर उडवून त्यात चावटपणा घुसवणं हे तमाशाने कित्येक पिढ्या केलंय. गवळणीतली मावशी आणि पेंद्या हे काय आहे? प्रत्यक्ष कृष्णकथेचं विडंबन, तेही पाटलाच्या समोर. वगात राजा असतो, प्रधान असतो, मोहीम असते आणि सोंगाड्या त्या सगळ्याचं खोबरं करतो. दादा कोंडक्यांनी तेच उचललं. 1971 मध्ये ‘सोंगाड्या’ दादरच्या कोहिनूरमध्ये लागला आणि त्यासाठी बाळासाहेब ठाकरे यांनी थिएटरवाल्याला दम भरला, ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. दादांनी सेन्सॉरला कातडी दाखवलीच नाही. दाखवला तो दुसरा अर्थ, आणि अर्थ कात्रीने कापता येत नाही. ऐंशीच्या दशकात तर ते हिंदीत गेले आणि चित्रपटांची नावंच अशी ठेवली की ती मोठ्याने वाचताना तिकीट खिडकीवरचा माणूसही हसावा. पिचाने जे रेषांनी केलं, ते दादांनी शब्दांनी केलं, आणि खटलाही ओढवून घेतला नाही.

1995 हे वर्ष पुन्हा योगायोगाचं. डामातोचा टारझन निघाला त्याच वर्षी आपल्याकडे केबल टीव्हीचा कायदा आला. तोवर मुंबईच्या उपनगरांत, मीरा रोडच्या नव्या इमारतींतसुद्धा, केबलवाला रात्री बाराला काय लावील याचा नेम नसे. कायद्याने त्यावर नियम बसवले. तरी ते खऱ्या अर्थाने लागू व्हायला दहा वर्षं गेली. 2005 च्या डिसेंबरात मुंबई उच्च न्यायालयाने ‘ए’ चित्रपट घरच्या टीव्हीवर दाखवायला बंदी केली. तोपर्यंत केबलवाल्याची गरज संपतच आली होती. स्टेशनबाहेरच्या फुटपाथवर पायरेटेड सीडी विकल्या जाऊ लागल्या होत्या आणि सायबर कॅफेत आडोशाच्या फळ्या लागल्या होत्या. टारझनचा लंगोट आता कुठल्याच सेन्सॉरच्या हाती राहिला नाही.

अंधेरी-जोगेश्वरी परवडेनाशी झाल्यावर सिनेमातली छोटी माणसं उत्तरेकडे सरकली आणि मीरा रोड, भाईंदर, नायगाव इथे येऊन राहिली. आठ लाखांवरच्या मीरा-भाईंदर शहरात आजही कुणा म्हाताऱ्या फाइट मास्टरच्या माळ्यावर, कुणा ऑपरेटरच्या ट्रंकेत जुनी पोस्टरं, फोटोंचे संच, गाण्यांच्या पुस्तिका, एखादं विसरलेलं रीळ पडलेलं असेल. त्यातलं बरंच काही लाजिरवाणं असेल, आणि घरच्यांना ते लवकर संपवायचं असेल. त्यांनी ते रद्दीवाल्याला देऊ नये. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 पासून नेमक्या अशाच गोष्टी जमवण्यासाठी आहे. तिथे पत्र टाकावं, फोन करावा. सोबत फोटोतल्या माणसांची नावं आठवत असतील ती मागे पेन्सिलीने लिहून द्यावीत.